पवनीवर स्वारी

आमच्या चिखल्यात जुनं म्हणजे इंग्रजांच्या काळातलं. त्याच्या मागे कोणी जात नाही, जायची गरजही पडत नाही. 1896 साली सेंट्रल प्रॉव्हिन्सेस प्रॉस्पेक्टिंग सिंडिकेट नावाची मँगनीजची कंपनी निघाली, पुढे तिचीच सीपीएमओ झाली, 1962 साली मॉईल आली, आणि एवढ्यात आमचा इतिहास नागरिकशास्त्रासकट आटोपतो. उरतो तो भूगोल. तो जमिनीखाली आहे आणि काळा आहे.

पाळीच्या भोंग्यावर उठण्या-जेवण्यात ज्याचं उभं आयुष्य गेलं, कामावर कोण आलं आणि कोण नाही एवढंच टिपून जो निवृत्त झाला, अशा माझ्यासारख्या माणसाने दोन हजार वर्षांपूर्वीचं शहर सायकलवरून बघायला निघावं, याला जबाबदार धरायचंच तर ते कुरिअरला. मुलगा पुण्यात असतो. पुण्यातल्या मुलांना गावाकडच्या आईबापांच्या तब्येतीची फार काळजी असते आणि ती ते खोक्यात भरून पाठवतात. आधी रक्तदाब मोजायचं यंत्र आलं, मग पावलं मोजणारं घड्याळ आलं. लाइट गेल्यावर हातपंखा हलवला तरी ते घड्याळ पावलं मोजतं हा शोध मला फार लवकर लागला, आणि पुढे कितीतरी दिवस मुलगा माझ्यावर खूश होता. इतका खूश, की त्याने एकवीस गियरची सायकल पाठवली.

खोकं अंगणात उघडलं तेव्हा पहिल्या पाळीची माणसं परतत होती, तीही थांबली. सायकलला स्टँड नव्हतं, कॅरिअर नव्हतं, मडगार्ड नव्हतं, चेनकव्हर नव्हतं, साधी घंटीसुद्धा नव्हती. आमच्या हिने खोक्यात पुन्हा एकदा कोपरापर्यंत हात घालून चाचपलं, थर्माकोलचे तुकडे बाजूला काढून पाहिले आणि सगळ्यांच्या देखत म्हणाली, "एवढे पैसे घेऊन अर्धीच दिली हो त्यांनी." एकाने डबा कुठे लटकवायचा ते विचारलं, दुसऱ्याने हवा तपासली, तिसऱ्याने सीटवर अंगठा दाबून पाहिला आणि माझ्याकडे बघून नुसती मान हलवली. ती मान त्याने का हलवली हे मला पवनीत कळलं.

पवनीला आमच्या ताईचं घर. भंडारा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला आमचं चिखला, दक्षिण टोकाला पवनी, आणि मधल्या सगळ्या रस्त्यावर ताईची तक्रार पसरलेली, की भाऊ येत नाही. त्यात भाच्याचा फोन आला. "मामाजी, आता आमच्या इथं सायकलवरून गाव दाखवून राह्यले. गाईड असते संग. तुमच्याजवळ तर गियरवाली सायकल हाये म्हणते आई." मी नाही म्हणायला तोंड उघडलं, पण घरातून हिचा आवाज आधी गेला, "येतात म्हणून सांग." सायकल पडवीत भिंतीला टेकून उभी राहायची, स्टँड नसल्यामुळे दर दोन दिवसांनी पडायची, आणि पडताना दरवेळी कुंडी फोडायची. ती घरातून जावी ही हिची मनापासूनची इच्छा होती. सोबत मीही जाणार होतो, हा वरचा फायदा.

चिखला ते पवनी सायकलनेच जायचा माझा बेत गोबरवाहीपर्यंत पक्का होता. पुढे तांदळाची पोती भंडाऱ्याला नेणारा एक ओळखीचा छोटा हत्ती टेम्पो भेटला, त्याने विचारलं, मी थोडे आढेवेढे घेतले, तोवर त्याने सायकल पोत्यांवर टाकलीही होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी पवनीच्या जवाहर गेटसमोर आम्ही जमलो. नागपूरचं एक जोडपं होतं, दोन कॉलेजची पोरं होती, भाचा होता आणि चौथीतली एक मुलगी आपल्या बापासोबत छोटी गुलाबी सायकल घेऊन आली होती. सगळ्यांच्या डोक्यावर हेल्मेट. माझ्याही होतं, फक्त ते उलटं आहे असं त्या मुलीने सांगितलं. मुलाने सायकलबरोबर एक चड्डीही पाठवली होती, जिच्या बुडाशी चांगली बोटभर जाड गादी शिवलेली होती. ती आतून घालायची की वरून यावर आदल्या रात्री ताईकडे बरीच चर्चा झाली, आणि एवढी महागाची वस्तू झाकून कशाला ठेवायची या ताईच्या मुद्द्यापुढे कोणाचं काही चाललं नाही. मी ती पायजम्यावरून घातली होती. नागपूरच्या बाईंनी माझ्याकडे एकदा पाहिलं आणि नंतर पूर्ण वेळ गेटची दगडी कमानच पाहिली.

गाईड म्हणजे इतिहासात एम. ए. केलेला हडकुळा, गोड बोलणारा पोरगा. त्याने सुरुवातीलाच नकाशा मांडला. तीन बाजूंनी मातीचा उंच तट आणि त्याच्या पायाशी खंदक, चौथ्या बाजूला वैनगंगा. "या शहरात शिरणं शत्रूला सोपं नव्हतं," असं म्हणून तो थांबला आणि त्याची नजर फिरत फिरत माझ्या चड्डीवर आली. "आपण मात्र आरामात जाऊ, काका."

गियरचं शास्त्र मी तुम्हाला सांगतो, कारण मला ते कोणी सांगितलं नव्हतं. हँडलच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन खटके असतात. डावीकडचा खटका अंगठ्याने दाबला की सायकल जड होते. उजवीकडचा तसाच अंगठ्याने दाबला की हलकी होते. ज्याने हे ठरवलं तो माणूस कधी चढावर होता असं वाटत नाही. तटाचा चढ आला, पुढून गाईड ओरडला, "काका, हलका टाका, हलका!" आणि मी आज्ञाधारकपणे दोन्ही अंगठे एकदम दाबले. सायकलीच्या पोटातून कडकड आवाज आला, चेन एका चाकावरून दुसऱ्यावर गेली, पुन्हा आली, मधेच कुठेतरी लोंबकळली, आणि माझे पाय एकाएकी मोकळेच फिरायला लागले. इतक्या वेगाने मी आयुष्यात कधी पायडल मारलं नसेल. सायकल मात्र मागे चालली होती.

चौथीतली मुलगी गुलाबी सायकलवरून माझ्या शेजारून वर गेली. जाताना तिने घंटी वाजवली. तिच्या सायकलला घंटी होती.

मागे जाणारी सायकल थांबवायची कशी हे कोणी शिकवत नाही. मी चिखल्याच्या सवयीने चाकाला चप्पल लावायला पाय खाली सोडला, तो जमिनीवर न पडता तटाच्या उतारावर पडला, आणि तिथून पुढचा प्रवास मी, सायकल आणि चप्पल असा तिघांनी वेगवेगळ्या वाटांनी केला. खंदकाच्या काठी बेशरमाची दाट झुडपं माजलेली होती, त्यांनी मला झेललं. आजूबाजूला शांतता होती. समोर एक म्हैस पाण्यात बसून रवंथ करत होती. तिने रवंथ थांबवलं, मला पाहिलं, आणि पुन्हा सुरू केलं. जरा पलीकडे कपडे धूत असलेल्या दोघी बायांपैकी एकीने ओल्या हातानेच दिशा दाखवली. "भाऊ, रस्ता तिकडून हाये."

त्या खंदकात बसल्या बसल्या मला पवनीच्या बांधकामाचं जे ज्ञान झालं ते पुस्तकात सापडणार नाही. विटा-दगडाची भिंत शिडी लावून चढता येते, सुरुंगाने फोडता येते. मातीचा तट काहीच करत नाही. तो नुसता उतरता असतो. शत्रू जोर करून अर्ध्यापर्यंत येतो, तिथे त्याचा दम संपतो, आणि बाकीचं काम शत्रूचं वजन करतं. ज्याने हा तट घातला त्याने माझ्यासारखी माणसं पाहिलेली होती, एवढं नक्की.

एक चप्पल मिळाली. दुसरी खंदकाने ठेवून घेतली.

मंडळी जगन्नाथ टेकडीवर पोहोचून व्याख्यान सुरू झाल्यावर मी सायकल हाताने ढकलत वर आलो. वर येताना त्या चढाला मी मनातल्या मनात नाही, चांगल्या मोठ्याने, चिखल्याच्या खाणीत शिकलेल्या दोन-चार शिव्या घातल्या होत्या. गाईड सांगत होता, की 1969-70 साली नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी मिळून इथे उत्खनन केलं, शां. भा. देव आणि जगत्पती जोशी त्याचे प्रमुख होते, आणि या टेकडीच्या पोटात बौद्ध स्तूप निघाला, ख्रिस्ताच्या आधीच्या शतकांतला. तसाच दुसरा हरदोलाला टेकडीवर. "म्हणजे आपण आत्ता उभे आहोत," तो हळू आवाजात म्हणाला, "ते स्तूपावर." मी एका पायावर उभा राहिलो. तसाही दुसऱ्या पायात चप्पल नव्हती.

पण खरं सांगतो, पुढचं मी सगळं ऐकलं. स्तूपाभोवतीच्या कठड्याचे कोरीव खांब निघाले, त्यांतल्या एकावर अनेक फण्यांचा मुचलिंद नाग आहे, ज्याने पावसात बुद्धावर फणा धरला अशी कथा आहे, आणि नागाचं नावही दगडावर कोरलेलं आहे, म्हणजे बघणाऱ्याचा गोंधळ नको. आणि खांबांवर ब्राह्मी लिपीत नावं आहेत. राजांची नव्हेत, ज्यांनी खांबाचे, तुळयांचे पैसे दिले त्या माणसांची, उपासकांची, भिक्षुणींची. आपल्याकडे देवळातल्या पंख्याच्या पात्यांवर देणगीदाराचं नाव रंगवलेलं असतं ना, तसंच. फरक एवढाच, की पंखा सुरू केला की नाव वाचता येत नाही आणि पवनीची नावं दोन हजार वर्षांनंतरही वाचता येतात.

हे ऐकून मी भारावलो आणि भारावलेल्या माणसाने करू नये ते केलं: प्रश्न विचारला. "म्हणजे त्यांची हजेरी लागली म्हणायची." नोकरीभर हजेरी मांडलेल्या माणसाकडून दुसरं काय येणार? गाईड बिचारा म्हणाला, "हो काका, तसंच." चौथीतल्या मुलीने वहीत लिहून घेतलं. तिच्या प्रकल्पात आता ते वाक्य असेल.

मग भगदत्त राजा आला. भार घराण्यातला, त्याचा इथला शिलालेख वा. वि. मिराशींनी वाचून प्रसिद्ध केला, आणि त्यात पादुकांच्या शिळेचा उल्लेख आहे. पादुका म्हणताच सात जणांनी एकाच वेळी माझ्या अनवाणी पायाकडे पाहिलं. इतिहास इतका जिवंत करून दाखवणारा श्रोता त्या गाईडला पुन्हा मिळणार नाही.

टेकडीवरून वैनगंगेच्या घाटाकडे जाताना उतार होता, त्यामुळे मी खुशीत होतो. पवनीला विदर्भाची काशी म्हणतात ते या घाटांमुळे आणि गल्लोगल्लीच्या देवळांमुळे. वैजेश्वर आहे, मुरलीधर आहे, विदर्भातल्या अष्टविनायकांपैकी पाचतोंडी गणपती आहे. गाईड मान मागे वळवून ही नावं सांगत होता आणि मी ती ऐकतो आहे असं दाखवण्यासाठी मान हलवत होतो, तेवढ्यात रस्ता संपला आणि पायऱ्या सुरू झाल्या. सगळे थांबले. मी ब्रेक दाबला. हातात आला तो पुढचा ब्रेक, आणि नव्या सायकलचा ब्रेक फार इमानदार असतो: त्याने सायकल जागच्या जागी थांबवली. मला थांबवायचं त्याच्या कामात येत नव्हतं.

चार-पाच पायऱ्या मी कशा उतरलो ते मला सांगता येणार नाही, पण शेवटी जिथे टेकलो तिथे दहाव्याचे विधी चालले होते. गुरुजींनी मंत्र तोडला नाही. डोळ्यांनीच खूण करून त्यांनी मला ओळीत बसायला सांगितलं, आणि त्या नजरेत असा काही अधिकार होता, की मी बसलो. शेजारच्या माणसाने सरकून जागा दिली. गुडघा फुटलेला, अंगभर चिखल, डोळ्यांत पाणी, एक पाय अनवाणी, डोक्यावर उलटं हेल्मेट. पायजम्यावरची चड्डी तेवढी गळ्यातल्या पंच्याने झाकून घेतली. माझ्याइतका दुःखात बुडालेला माणूस त्या ओळीत दुसरा नव्हता.

"कुठून आले?" शेजारच्याने कानाशी विचारलं.

"चिखल्याहून."

"बापा! इतक्या दुरून?" त्याने पलीकडच्याला सांगितलं, पलीकडच्याने पुढच्याला, आणि ओळीच्या टोकापर्यंत माना हलल्या. गेलेल्या माणसाने एवढ्या लांब जीव लावून ठेवला होता, हे त्या घरातल्या लोकांना माझ्यामुळे पहिल्यांदाच कळत होतं. अशा वेळी उठून खुलासा करणं मला जमलं नाही. तुम्हाला तरी जमलं असतं का? मला चहा मिळाला, लिंबाच्या पाल्याने हात धुवायला पाणी मिळालं, आणि निघताना एका म्हाताऱ्या काकांनी माझा हात हातात घेऊन म्हटलं, "तेरवीले या." मी हो म्हणालो.

इकडे माझी शोधाशोध चालली होती. त्या भागात शोधाशोध हा विषय नाजूक आहे. शेजारीच उमरेड-पवनी-कऱ्हांडलाचं अभयारण्य, आणि तिथला जय नावाचा अख्खा वाघ 2016 साली बेपत्ता झाला तो पुन्हा कोणाला दिसला नाही, त्यामुळे मामाजी घाटावरून गायब झाल्यावर भाच्याने धीर सोडला होता. नदीच्या वरच्या अंगाला गोसीखुर्द धरण, त्याला 33 दरवाजे. पाणी सोडलं असेल तर मामाजी कुठवर गेले असतील याचा हिशेब कॉलेजची पोरं करत होती. मी पायऱ्या चढून वर आलो तेव्हा भाचा मिठी मारायला धावला. मग वास आल्याने थांबला.

पुढचं चाक बसलं होतं. पानठेल्याच्या बाजूला पंक्चरवाल्या म्हाताऱ्याचं दुकान होतं: टायरात ठेवलेलं पाण्याचं घमेलं, रबर घासायचा पॉलिश पेपर, सोल्युशनची पिळून चपटी झालेली नळी. मला एकदम घरी आल्यासारखं वाटलं. त्याने ट्यूब बाहेर काढली, घमेल्यात बुडवली, बुडबुडा धरला, ठिगळ मारलं, हातोडीने दोनदा ठोकलं, सगळं खर्रा घोटत घोटत. शेवटी पंप लावायला गेला आणि थांबला. त्या सायकलचा व्हॉल्व्ह बारीक, टोकाला पितळेचं इवलंसं बोंड. त्याचा पंप त्यावर बसेना. त्याने चिंधी गुंडाळून पाहिली, पेनाचं झाकण लावून पाहिलं, शेवटी व्हॉल्व्हला तोंड लावून स्वतःच हवा फुंकून पाहिली. मग खर्रा तोंडात टाकत म्हणाला, "बाबूजी, ठिगळाचे वीस द्या. हवेचे नोका देऊ." माझ्याकडे या सायकलचा पंप होता. खोक्यात, चिखल्याला.

फेरीचा शेवट जवाहर गेटसमोर, सगळ्यांच्या फोटोने व्हायचा होता. बाकीचे सायकलवर बसून आले. माझी सायकल माझ्या खांद्यावर बसून आली. नागपूरच्या बाईंनी या वेळी मात्र मान वळवली नाही. त्या मनापासून हसल्या, आणि मला बरं वाटलं. तो फोटो भाच्याने लगेच पुण्याला पाठवला. मुलाचं उत्तर आलं, "बाबा, मस्त! आज किती पावलं झाली?" मी मनगट पाहिलं. ते घड्याळही खंदकात राहिलं होतं.

ताईने दारातच थांबवलं, मागच्या बाजूने न्हाणीत पाठवलं, गुडघ्याला हळद लावली, वांग्याची भाजी आणि गरम भात वाढला आणि सगळी हकीकत ऐकून एवढंच म्हणाली, "गाव दाखवाले मी काय मेली होती का? पायी पायी नेलं असतं." तेरवीला मी गेलो नाही, पण ताईला पाठवलं. ती त्या घराच्या ओळखीची निघाली.

तर तुम्ही पवनीला जरूर जा. थंडीत जा, स्वतःच्या उंचीची सायकल घ्या, तिच्या व्हॉल्व्हला बसणारा पंप जवळ ठेवा आणि गादीची चड्डी आतून घाला. टेकडीवर गेलात की आवाज जरा कमी ठेवा, कारण पायाखाली काय आहे ते आता तुम्हाला ठाऊक आहे. आणि देवळाच्या भिंतीवर, गेटच्या दगडावर, कुठेही खिळ्याने आपलं नाव कोरू नका. नाव हवंच असेल तर आधी काही दान द्या, दोन हजार वर्षांपूर्वी पवनीत तसाच रिवाज होता. मी दिलं ते गुडघ्यातलं थोडं रक्त, एक चप्पल आणि एक घड्याळ. एवढ्यावर तिथे नाव लागत नाही.